चवळीचं कॅव्हियार, पंचवीस माणसांचं

टेक्ससमधल्या कुठल्याही पॉटलकला, म्हणजे प्रत्येकानं एकेक पदार्थ आणायच्या जेवणाला जा, मराठी मंडळाची दिवाळी असो की शेजाऱ्यांचं ४ जुलैचं बार्बेक्यू, टेबलावर एक मोठा वाडगा हटकून दिसतो. शिजवलेली चवळी, मक्याचे दाणे, बारीक चिरलेली ढोबळी मिरची, कांदा, टोमॅटो, कोथिंबीर, सगळ्याला तेल-व्हिनेगरची आंबटसर ओल, आणि बाजूला टॉर्टिया चिप्स. याला इथे टेक्सस कॅव्हियार किंवा काउबॉय कॅव्हियार म्हणतात. कॅव्हियार म्हणजे स्टर्जन माशाची महागडी गाभोळी. तिचं नाव दुकानातल्या सगळ्यात स्वस्त कडधान्याला देण्यात जी टेक्सन फुशारकी आहे, ती मला आवडते. ह्यूस्टनमध्ये संसार मांडल्यापासून हा पदार्थ बऱ्याच पंगतींना नेला. त्यातून जे कळलं ते असं.

१. मुरायला वेळ द्या. हा पदार्थ रूढ केला हेलन कॉर्बिट या बाईंनी. मूळच्या न्यूयॉर्क राज्यातल्या, नोकरीनिमित्त टेक्ससला आलेल्या. १९४० च्या सुमारास ह्यूस्टन कंट्री क्लबमध्ये ३१ डिसेंबरच्या रात्री फक्त टेक्ससमध्ये पिकणाऱ्या जिनसांचं जेवण करायची वेळ आली तेव्हा त्यांनी चवळीला तेल, व्हिनेगर, लसूण, कांदा लावून ती वाढली, असं सांगतात. पुढे डॅलसच्या नीमन मार्कस या श्रीमंती दुकानाच्या उपाहारगृहाचा कारभार त्यांनी पाहिला आणि १९५७ मध्ये पाककृतींचं पुस्तक काढलं. त्यातली ही कृती अगदी साधी आहे: लसणाची पाकळी एका दिवसानंतर काढून टाकायची आणि चवळी निदान दोन दिवस फ्रीजमध्ये मुरू द्यायची. तेलाचं प्रमाण त्या काळच्या चवीचं, आज जिभेला जड वाटेल. पण दोन दिवसांची अट मात्र जशीच्या तशी पाळावी. दोन दिवस मुरलेलं आणि त्याच सकाळी घाईत केलेलं यांतला फरक टेबलावर लगेच कळतो.

२. सुकी चवळी घ्या. एक पौंड, म्हणजे साधारण ४५० ग्रॅम सुकी चवळी शिजून सहा कप होते. डब्यातली घेतली तर तेवढ्याला चार डबे फोडावे लागतात, आणि वर खारं पाणी धुऊन टाकण्याचं काम. पंचवीस माणसं असतील आणि टेबलावर इतर चार-सहा पदार्थ असतील, तर एक पौंड चवळी, दोन कप मका आणि भाज्या मिळून बारा-तेरा कप होतात. माणशी अर्धा कप, बस. इंडियन स्टोअरमधली चवळी अमेरिकन दुकानातल्या चवळीपेक्षा जरा बारीक असते, लवकर शिजते. एक सूचना: डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात ती आणायला जाऊ नका. १ जानेवारीला चवळी खाल्ली की वर्ष बरकतीचं जातं अशी अमेरिकेच्या दक्षिणेत श्रद्धा आहे, त्यामुळे दुकानातले तेवढेच कप्पे रिकामे असतात. ही चवळी मूळची आफ्रिकेतली. पश्चिम आफ्रिकेतून गुलाम म्हणून पकडून आणलेल्या माणसांबरोबर ती इकडे आली आणि त्यांच्याच हातांनी या भागात रुजली. आपल्या उसळीतली चवळीही त्याच जातीची, फक्त ती फार जुन्या काळी वेगळ्या वाटेनं आपल्याकडे पोचली.

३. कुकर नको. आपला हात आपोआप कुकरकडे जातो, पण इथे दाणा अख्खा, सालासकट आणि तरीही मऊ हवा. शिट्टीनं साल फाटतं आणि मग तो पदार्थ चिप्सवर बसत नाही, चिकटतो. रात्री मीठ घातलेल्या पाण्यात भिजवा, सकाळी ते पाणी टाकून ताज्या पाण्यात, पुन्हा थोडं मीठ घालून, उघड्या पातेल्यात मंद आचेवर ठेवा. अर्ध्या-पाऊण तासात होते. विसाव्या मिनिटापासून दाणा चावून बघायला लागा. चार-पाच दाणे वेगवेगळ्या जागचे घ्या. एका दाण्यावर विश्वास ठेवू नये, तो नेमका मऊ निघतो.

४. शिजत असताना टोमॅटो, लिंबू, चिंच, व्हिनेगर काहीही घालू नका. आंबटानं दाण्याचं साल घट्ट होतं आणि मग तासभर उकळूनही चवळी टणक राहते.

५. पण गॅस बंद करून निथळली रे निथळली की लगेच आंबट घाला. या सगळ्या कृतीतलं मर्म मला विचाराल तर हेच आहे. गरम दाणा रस आत ओढतो, गार झालेल्या दाण्यावरून तोच रस ओघळून तळाशी जातो. एक पौंड चवळीला माझं माप: अर्धा कप व्हिनेगर, अर्धा कप तेल, दोन लिंबांचा रस, दोन चमचे भाजलेल्या जिऱ्याची पूड, दोन चमचे साखर, मिरपूड, आणि मीठ चाखत. बाजारात इटालियन ड्रेसिंगची बाटली मिळते, बरेच जण तीच ओततात. ती वरच्या सगळ्या साहित्यापेक्षा महाग पडते आणि गोडही. तेल शेंगदाण्याचं किंवा कॅनोला घ्या. ऑलिव्हचं तेल फ्रीजमध्ये गोठून पांढरट होतं, खोबरेल तर दगडच. ऑलिव्हच हवं असेल तर वाढण्याच्या आधी अर्धा तास वाडगा बाहेर काढावा.

६. मोड काढायचा मोह आवरा. मटकी असो, मूग असो, मोड आणल्याशिवाय आपल्या हाताला चैन पडत नाही. इथे मोडाचं काम नाही. कच्चे मोड तर पंगतीला नकोतच: वयस्क माणसं, गरोदर बायका, लहान मुलं यांनी ते कच्चे खाऊ नयेत असं अमेरिकेचं अन्नखातं सांगतं आणि पॉटलकला हे तिन्ही असतात. याच ओघात राजम्याचं सांगते. चवळीऐवजी किंवा चवळीबरोबर कुणी राजमा घालतात, छानच लागतो. पण राजम्यात एक विष असतं, ते खळखळून उकळल्याशिवाय मरत नाही. भिजवलेलं पाणी टाका आणि ताज्या पाण्यात अर्धा तास चांगला उकळा. स्लो कुकरमध्ये कच्चा राजमा टाकून कामावर जाऊ नका. त्याची ऊब त्या विषाला पुरत नाही.

७. भाज्या चवळीच्या दाण्याएवढ्या चिरा. ढोबळी मिरची, कांदा, हलापेन्यो, सेलरी, सगळं. एका चिपवर सगळ्यातलं थोडं थोडं बसलं पाहिजे. कांद्याचा मोठा तुकडा आला तर खाणारा पुढचे चार घास कांदाच खातो. हे काम कंटाळवाणं आहे, त्याला इलाज नाही. फूड प्रोसेसर लावला तर ढोबळीचं पाणी होतं. मी आदल्या संध्याकाळी नाट्यसंगीत लावून बसते.

८. मका फ्रोजन चालतो. कोरड्या तव्यावर डाग पडेपर्यंत परता.

९. पाणी सुटणाऱ्या वस्तू शेवटी. टोमॅटोच्या बिया आणि गर काढून फक्त भिंत चिरायची. काढलेला गर दुसऱ्या दिवशीच्या सारात. अव्होकाडो आणि कोथिंबीर निघायच्या आधी, आणि अव्होकाडो महाग असेल त्या आठवड्यात मुळीच नाही, कुणाला चुकल्यासारखं वाटत नाही. काकडी कोशिंबिरीत ठेवावी. कच्चा कांदा ज्यांना बाधतो त्यांच्यासाठी तो चिरून दहा मिनिटं व्हिनेगरमध्ये ठेवला की उग्रपणा जातो, रंगही गुलाबी येतो.

१०. एक लहान वाडगा कांदा-लसणाशिवाय वेगळा काढा. ह्यूस्टनच्या आपल्या घोळक्यात जैन घरं असतात, शिवाय चातुर्मास पाळणारे आपलेच लोक. त्या वाडग्यावर मोहरी-हिंगाची फोडणी गार करून घालते; कबूल करायचं तर मला तोच जास्त आवडतो, आणि तोच आधी संपतो. दोन्ही वाडग्यांसमोर चिठ्ठी ठेवा, काय काय आहे ते लिहून. दूध नाही, गहू नाही, मांस नाही, असं म्हणता येईल अशा गोष्टी पॉटलकच्या टेबलावर फार नसतात. मात्र हिंगाच्या डबीत गव्हाचं पीठ नाही ना आणि चिप्स मक्याच्याच आहेत ना, ते वाचून घ्या.

११. हिशेब चुकतो तो चिप्समध्ये. वाडगाभर डिप स्वस्तात होतं आणि ते उचलायला लागणाऱ्या पिशव्या त्याच्याहून जास्त पैसे खातात. माणशी जेमतेम दीड औंस धरा, पंचवीस माणसांना बारा औंसांच्या तीन पिशव्या पुरतात. मंडळाच्या कार्यक्रमाला मी निम्म्या चिप्सना फाटा देते. ज्वारीच्या पातळ भाकऱ्या आदल्या दिवशी भाजून, त्रिकोणी तुकडे करून, ओव्हनमध्ये मंद आचेवर कडक करायच्या. कडक भाकरीवर वाढलेली आमची मंडळी त्यांच्यावर तुटून पडतात. अमेरिकन शेजारी हे कुठल्या दुकानात मिळतं ते विचारतात. खाकराही चालतो, पण तो नाजूक, डिपमध्येच मोडतो. मीठ चाखाल तर चिपबरोबर चाखा. नुसतं चमच्यानं चाखून बरोबर वाटलेलं मीठ खारट चिपवर जास्तच होतं.

१२. टेक्ससचं ऊन. शिजवलेलं अन्न बाहेर दोन तासांहून जास्त ठेवू नये, आणि हवा ३२ अंश सेल्सिअसच्या वर असेल तर एकच तास, असा इथला नियम आहे. जून ते सप्टेंबर इथे दुपारी तापमान बहुतेक त्याच्या वरच असतं. म्हणून एकच मोठा वाडगा मांडू नका. लहान वाडगा बर्फाच्या परातीत ठेवा, बाकीचं कूलरमध्ये, आणि संपेल तसं भरत राहा. व्हिनेगर आहे ना, काही होत नाही, असं सांगणारे काका प्रत्येक पार्टीत असतात. त्यांना हसून उत्तर द्यावं आणि वाडगा उचलावा.

१३. उन्हात राहिलेलं टाकून द्या. कूलरमधलं उरलं तर फ्रीजमध्ये तीन-चार दिवस चांगलं राहतं. ते चाळणीत घट्ट निथळून, हातानं जरा चेपून, मावेल तेवढ्या भाजणीत मळलं तर थालीपीठ होतं. पीठ सैल वाटलं तर चमचाभर बेसन घाला, मीठ नको. लोखंडी तव्यावर, मधे भोक पाडून, तेल सोडून, झाकण ठेवून. वर लोणी.