लिझी पासष्टव्या भागावरच का थांबली?

प्रश्न : शाळेत असताना मी डिस्ने चॅनलवर हिंदीतून ‘लिझी मॅग्वायर’ बघायचे. घरी आलं की दप्तर कोपऱ्यात आणि आधी टीव्ही. मैत्रिणींमध्येही तिचीच चर्चा असायची. पण काही महिन्यांनी तेच ते भाग फिरून फिरून लागायला लागले आणि नवीन कधी आलेच नाहीत. मी बरेच दिवस वाट बघितली होती. आता माझी मुलगी आठ वर्षांची आहे, तिला सांगताना सगळं आठवलं. इतकी चाललेली मालिका बंद का केली? आणि मध्यंतरी ती पुन्हा येणार असं वाचलं होतं, त्याचं काय झालं?
– एक वाचक, मिरज

उत्तर : मालिका बंद झाली म्हटलं की आपल्या मनात पहिल्यांदा येतं ते टीआरपी घसरला असेल. इथे तसं काही झालं नव्हतं. ‘लिझी मॅग्वायर’ थांबली तेव्हा ती डिस्ने चॅनलच्या सर्वांत लाडक्या मालिकांपैकी एक होती. ती थांबली कारण तिचे ६५ भाग भरले. त्या काळी डिस्ने चॅनलवर मालिकेला एवढेच भाग मिळायचे, मग ती कितीही चालो. त्याच सुमाराची ‘ईव्हन स्टीव्हन्स’ घ्या. तिचेही ६५ भाग झाले आणि तीही तिथेच संपली.

हा ६५चा आकडा आला कुठून, ते समजून घेण्यासारखं आहे. अमेरिकेत गावोगावची स्थानिक टीव्ही केंद्रं मुलांचे कार्यक्रम गठ्ठ्याने विकत घेत आणि सोमवार ते शुक्रवार, शाळा सुटल्यानंतरच्या वेळेला दाखवत. आठवड्याचे पाच भाग, असे तेरा आठवडे, म्हणजे ६५. तेरा आठवडे म्हणजे बरोबर पाव वर्ष. ते संपले की पहिल्या भागापासून पुन्हा सुरुवात. अशा हिशेबाने एकेक भाग वर्षातून चार वेळा लागतो. मुलाला मधल्या काळात तो थोडा विसरायला होतो, थोडा आठवतो, आणि आठवतो म्हणूनच पुन्हा बघायला मजा येते. लहान मुलांना एकच गोष्ट रोज रात्री ऐकायची असते, हे घरात मूल असलेल्या कुणालाही सांगावं लागणार नाही.

हा आकडा तुमच्या आधीच्या पिढीच्याही ओळखीचा आहे, फक्त तो मोजला कुणी नव्हता. १९८३ साली आलेल्या ‘ही-मॅन’चा पहिला सीझन ६५ भागांचा. डिस्नेच्या ‘डकटेल्स’चा १९८७चा पहिला सीझनही ६५चाच. आणि नव्वदच्या दशकात दूरदर्शनवर हिंदीतून लागणारी ‘टेलस्पिन’, जिच्यात बल्लू अस्वल विमान चालवायचं, ती तर सगळी मिळून ६५ भागांची. डिस्ने चॅनलने पुढे हाच जुना हिशेब आपल्या घरच्या मालिकांना लावला.

पण कार्टूनला लावलेला हिशेब जिवंत मुलांच्या मालिकेला लावला की एक फरक पडतो. बल्लू म्हातारा होत नाही. लिझीची भूमिका करणारी हिलरी डफ मात्र मोठी होत होती. १२ जानेवारी २००१ला मालिका सुरू झाली तेव्हा ती तेरा वर्षांची होती. अशा मालिकेत मुलांचा आवाज फुटतो, उंची वाढते, चेहरे बदलतात, आणि गोष्ट मात्र त्याच शाळेत, त्याच वर्गात असते. शिवाय सीझन वाढत गेले की कलाकारांचं मानधन वाढतं, म्हणजे सत्तरावा भाग सातव्या भागापेक्षा महाग पडतो. आणि अमेरिकेत डिस्ने चॅनल नेहमीच्या जाहिराती दाखवत नसे. पैसे यायचे ते केबल कंपन्यांकडून, वर्गणीतून. त्यामुळे एखादी मालिका आणखी पन्नास भाग चालवली म्हणून कमाई त्या प्रमाणात वाढत नसे. उलट दर तीन-चार वर्षांनी प्रेक्षकांची नवी तुकडी येते. पहिली तुकडी मोठी होऊन दुसरीकडे वळते, आणि नव्या मुलीला लिझीचा पहिला भाग नवाच असतो. मग नवे भाग करायचे कशासाठी?

चॅनलच्या बाजूने हा विचार चुकीचा म्हणता येणार नाही. पण त्यात एक प्रेक्षक बसत नाही. लिझीबरोबर जी मुलगी तेराची चौदा झाली, तिला लिझी पंधराची झालेली बघायची होती. तिचा विचार या हिशेबात कुठेच नव्हता, आणि तुम्ही नेमक्या तिथल्याच.

ही मालिका मुलींना एवढी जवळची का वाटली, याबद्दल दोन शब्द लिहिल्याशिवाय पुढे जाववत नाही. टेरी मिन्स्की यांनी निर्माण केलेल्या या मालिकेतली लिझी अगदी साधी मुलगी आहे. वर्गात फार हुशार नाही, फार लोकप्रिय नाही, चारचौघांत बोलताना अडखळणारी. पण ती अडखळली की पडद्यावर तिचीच छोटी कार्टून उडी मारून येते, तेच केस, तेच कपडे, आणि लिझीला जे तोंडावर बोलता येत नाही ते कंबरेवर हात ठेवून बोलून टाकते. आपल्या नाटकात स्वगत असतं ना, तसं. तेरा वर्षांच्या मुलीच्या डोक्यात दिवसभर जे चाललेलं असतं आणि जे ती कुणालाच सांगत नाही, त्याला या मालिकेने चेहरा दिला.

आणि त्या डोक्यात जे असतं ते सगळं या मालिकेने घेतलं. पहिल्या सीझनमधला एक भाग तुम्हाला आठवत असेल. लिझी आणि तिची मैत्रीण मिरांडा यांना पहिल्यांदा ब्रा घ्यायची असते. लिझीला ते आईला सांगायचं असतं, पण जीभ रेटत नाही. कसंबसं सांगते, तर आई सोबत यायला निघते आणि हिला आईबरोबर जायची लाज वाटते. शेवटी आईच मदतीला येते. यात कुणाची टिंगल नाही, कुणी लाजिरवाणं ठरत नाही, आई आणि मुलगी दोघींनाही आपापली बाजू आहे. मुलांच्या चॅनलवर, दुपारच्या वेळेला, हा विषय इतक्या सरळपणे दाखवणं मला आजही मोठी गोष्ट वाटते. आपल्याकडे कितीतरी घरांत ही खरेदी अजून कुजबुजत होते. हा भाग पुढे पुन्हा लागणार आहे, म्हणून लक्षात असू द्या.

६५ भाग भरत आले तेव्हा डिस्नेलाही लिझीला सोडायचं नव्हतं. २ मे २००३ला ‘द लिझी मॅग्वायर मूव्ही’ आला. सुमारे १ कोटी ७० लाख डॉलरच्या खर्चात झालेल्या या चित्रपटाने जगभरात साडेपाच कोटी डॉलरच्या आसपास धंदा केला. त्यात लिझी आठवी पास होऊन रोमच्या सहलीला जाते आणि हिलरी डफ लिझीबरोबर तिच्यासारख्याच दिसणाऱ्या इटालियन गायिकेचीही भूमिका करते. मालिकेचं चित्रीकरण तोवर उरकलं होतं, पण भाग थोडे थोडे करून दाखवले जात होते. त्यामुळे चित्रपटगृहात लिझी शाळा सोडून रोमला पोचली आणि टीव्हीवर पुढचे नऊ महिने ती त्याच शाळेत राहिली. (शेवटच्या काही भागांत मिरांडा दिसत नाही, ती सुट्टीत मेक्सिको सिटीला गेली आहे असं सांगितलं जातं. चित्रपटातही ती नाही.)

पुढची योजना मोठी होती. चित्रपटाचा दुसरा भाग काढायचा, आणि लिझीला हायस्कूलमध्ये नेऊन डिस्नेच्याच मालकीच्या एबीसी वाहिनीवर नवी मालिका करायची. म्हणजे तुम्हाला जे हवं होतं ते कागदावर होतं. ते फिसकटलं पैशांच्या बोलण्यांत. चित्रपट लागला त्याच सुमाराला डफ कुटुंब आणि डिस्ने यांच्यातली बोलणी मोडली आणि दोन्ही बाजूंचं म्हणणं वर्तमानपत्रांतून आलं. मुलीच्या वतीने तिची आई बोलणी करत होती. हिलरीची मागणी अवाजवी होती असं मला वाटत नाही. सगळा डोलारा त्या एका मुलीच्या चेहऱ्यावर उभा होता, आणि चित्रपटाने कमाई करून दाखवली होती. त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये तिचा ‘मेटामॉर्फोसिस’ हा अल्बम आला आणि अमेरिकेच्या बिलबोर्ड यादीत पहिल्या क्रमांकावर गेला. तिला लिझीची गरज उरली नव्हती. डिस्नेला मात्र तिच्यावाचून लिझी करता येत नव्हती.

या सगळ्यातून चॅनल काही शिकलं असावं, कारण त्यानंतर ६५ची भिंत पडली. ‘दॅट्स सो रेवन’ १०० भागांपर्यंत गेली. ‘किम पॉसिबल’ संपवली होती, ती प्रेक्षकांनी लावून धरल्यावर पुन्हा सुरू करून ८७ भागांवर नेली. मायली सायरसची ‘हॅना मोंटाना’ ९८ भाग चालली. लिझीने दाखवलेल्या वाटेवरून या मुली गेल्या. लिझी स्वतः मात्र भिंतीच्या अलीकडेच राहिली.

आता तुमचा दुसरा प्रश्न. तुम्ही वाचलं होतं ते खरं होतं. ऑगस्ट २०१९मध्ये डिस्नेने जाहीर केलं की नवी ‘लिझी मॅग्वायर’ डिस्ने प्लसवर येणार, हिलरी डफच लिझी करणार, आणि लिझी आता तीस वर्षांची, न्यूयॉर्कमध्ये राहणारी असेल. टेरी मिन्स्की परत आल्या होत्या. दोन भागांचं चित्रीकरणही झालं. जानेवारी २०२०मध्ये मिन्स्की बाजूला झाल्या आणि काम थांबलं. फेब्रुवारीअखेर हिलरी डफने इन्स्टाग्रामवर उघडपणे लिहिलं की तीस वर्षांच्या बाईचं खरं आयुष्य मुलांना चालेल एवढ्याच मर्यादेत बसवणं योग्य होणार नाही, तेव्हा मालिका डिस्नेच्याच हूलू या मोठ्यांच्या सेवेवर न्यावी. ते झालं नाही. डिसेंबर २०२०मध्ये तिनेच सांगितलं की आता ही मालिका होणार नाही.

आधीच्या शेवटाबद्दल मला तक्रार नाही. ६५ भाग, गोष्ट पुरी, मुलं मोठी झाली. पण २०२०चा शेवट मला आजही खटकतो. ज्या मालिकेने तेरा वर्षांच्या मुलीला आईजवळ ब्रा मागायची हिंमत दिली, तिलाच त्या मुलीचं तीस वर्षांचं आयुष्य जसं आहे तसं दाखवता आलं नाही. तेरा वर्षांच्या मुलीशी खरं बोलायचं आणि तीस वर्षांच्या बाईशी आवरून घेऊन, हे उलटं झालं. ज्यांनी ती मालिका पाहिली होती त्या सगळ्या आता मोठ्या झाल्या होत्या, काही आया झाल्या होत्या. त्यांना आवरून घेतलेली लिझी नको होती. हिलरी डफने हट्ट धरला, तो माझ्या मते बरोबर होता. अर्धीमुर्धी लिझी येण्यापेक्षा न आलेली बरी.

तुमच्या मुलीला दाखवायची असेल तर जरूर दाखवा, पण अजून दोन-तीन वर्षं थांबा. आठव्या वर्षी तिला फक्त कार्टून उड्या मारताना दिसेल. अकरा-बाराव्या वर्षी तेच कार्टून काय बोलतंय ते कळेल. आणि तो ब्राचा भाग लागेल तेव्हा तुम्ही खोलीत असा.

राहिलं तुमचं वाट बघणं. अमेरिकेत ‘लिझी मॅग्वायर’चा शेवटचा नवा भाग १४ फेब्रुवारी २००४ला लागला. डिस्ने चॅनल भारतात सुरू झालं ते १७ डिसेंबर २००४ला. तुम्ही पहिला भाग बघितलात, तेव्हा मालिका संपून दहा महिने होऊन गेले होते.