दावा चालू असताना ताबा कसा सांभाळायचा

पुतण्या, दावा दाखल केला म्हणजे जमीन सुरक्षित झाली, असं समजू नकोस. मालकीचा निकाल लागायचा तेव्हा लागेल. त्याआधी कोर्ट बघणार ते हेच, की दावा लागला त्या दिवशी जमीन कोण कसत होतं. निशाणी 5 वरचा तूर्तातूर्त मनाईचा अर्ज त्यावरच तरतो किंवा बुडतो.

वकील तुला तीन कसोट्या सांगतील: सकृतदर्शनी बाजू कोणाची, मनाई न दिल्यास गैरसोय कोणाची जास्त, आणि पैशानं भरून न येणारं नुकसान होतं का. बहुतेक वेळा घोडं अडतं ते पहिलीवरच, आणि तिथं तोंडी शपथा चालत नाहीत. सातबाऱ्यावर नाव आहे म्हणून निर्धास्त राहू नकोस. महसुली नोंद खरी धरली जाते, पण विरुद्ध पुरावा येईपर्यंतच. पीकपाहणीच्या नोंदी काढ. 2021 पासून ती मोबाइलवर होते, ती दर हंगामात चुकवू नकोस. कारखान्याची उसाची बिलं, सोसायटीचं पीककर्ज, विहिरीवरच्या मोटारीचं वीजबिल, जुन्या मोजणीचा नकाशा, हे सगळं गोळा कर. मात्र कागद वादाच्या आधीचे हवेत. भांडण पेटल्यावर घाईनं केलेली ताबेपावती न्यायाधीश लांबूनच ओळखतात.

आता नीट ऐक, कारण इथंच लोक फसतात. विरुद्ध बाजू म्हणेल, ‘जैसे थे’चा हुकूम घेऊ, दोघांचंही भागेल. नुसत्या ‘जैसे थे’ला मान डोलवू नकोस. काय जैसे थे? ताबा तुझा की त्याचा? हुकमात लिहिलं नसेल तर दुसऱ्या दिवशी दोघंही तोच कागद हातात धरून बांधावर उभे राहतात आणि पोलीस म्हणतात, दिवाणी बाब आहे, कोर्टात जा. स्थिती कोणती ते न सांगता असा हुकूम देणं बरोबर नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं 2006 साली सांगितलेलं आहे. त्याची वकिलाला आठवण करून दे. गट नंबर, चतुःसीमा, उभं पीक आणि ते कोणी काढायचं, हे हुकमात आलंच पाहिजे.

कोर्ट कमिशनरही मागता येतो. पण ताबा कोणाचा हे ठरवायला तो बहुधा मिळत नाही. बांध कुठे आहे, अतिक्रमण किती झालंय, हे मोजायला मिळतो.

हुकूम तुझ्याविरुद्ध गेला तरी रात्रीत नांगर घालू नकोस. चुकीचा वाटला तर जिल्हा न्यायालयात 30 दिवसांत अपील कर. रद्द होईपर्यंत तो पाळावाच लागतो. मोडला तर मालमत्ता जप्त होते आणि 3 महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. तुलाच कुणी जबरदस्तीनं हुसकावलं, तर गप्प बसू नकोस. हुसकावल्यापासून 6 महिन्यांत विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 6 खाली ताबा परत मागता येतो. तिथं मालकी सिद्ध करावी लागत नाही. शेतजमिनीसाठी मामलेदार कोर्टाची वाटही आहे, तिथंही मुदत 6 महिन्यांचीच. चालू दाव्यातही लगेच अर्ज दे. दोन तारखा वाट पाहिलीस तर समोरच्याची पेरणी उगवून वर आलेली असते.

आणखी एक. समोरचा मध्येच जमीन विकेल. दावा चालू असताना घेणाऱ्यावर निकाल बंधनकारक असतो खरा, पण महाराष्ट्रात त्यासाठी दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. ही गोष्ट फार जण विसरतात.

शेतावर राखणदार ठेवलास तर लेखी ठेव. गोव्यातल्या एका बहीण-भावाच्या घराच्या दाव्यात 2012 साली सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की राखणदार किंवा नोकर कितीही वर्षं राहिला तरी त्याला हक्क मिळत नाही. निवाडा तुझ्या बाजूचा आहे, पण त्याचा उपयोग तो राखणदारच आहे हे दाखवता आलं तरच. चुलत भावाशी समाईक जमिनीचा वाद असेल तर मात्र नुसत्या मनाईच्या भरवशावर राहू नकोस. एकाचा ताबा सगळ्यांचा धरला जातो, त्यामुळे तिथं वाटपाचाच दावा लावावा लागतो.

पुढच्या तारखेआधी पीकपाहणीचे उतारे आणि वीजबिलं वकिलांच्या हातात दे.