गेम ‘लोडिंग’वर अडकला की काय करावे?

प्रत्येक होस्टेलमध्ये दोन प्रकारचे डॉक्टर असतात. ताप आल्यावर कोणती गोळी घ्यायची ते एकाला माहीत असतं. दुसऱ्याकडे लोक आपापले लॅपटॉप घेऊन येतात. गर्दी नेहमी दुसऱ्याकडेच जास्त, आणि त्यातले निम्मे पेशंट एकच तक्रार घेऊन आलेले असतात: “गेम चालू होत नाहीये यार, लोडिंगवरच अडकतो.”

यावर आपल्याकडे तीन औषधं ठरलेली आहेत. रीस्टार्ट कर, रीइन्स्टॉल कर आणि फॉरमॅट मार. पहिलं औषध निरुपद्रवी आहे. दुसऱ्यात एक रात्र आणि होस्टेलचं नेट जातं. तिसऱ्यात मात्र वर्षभराच्या असाइनमेंट, गावच्या जत्रेचे फोटो आणि अर्धवट प्रोजेक्ट रिपोर्ट असं सगळंच जाऊ शकतं. एवढं करूनही गेम चालू होईल याची खात्री नाही, कारण रोग कुठे आहे हे कोणी पाहिलेलंच नसतं. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी! म्हणून हा लेख. यात जादू काही नाही. जे आपण लॅबमध्ये फॉल्ट फाइंडिंग म्हणून शिकतो, तेच इथे वापरायचं आहे.

आधी ठरवा: अडकलाय की वेळ लागतोय?

एखाद्या खिडकीने ५ सेकंदं माऊस-कीबोर्डला उत्तर दिलं नाही, की विंडोज तिच्यावर ‘नॉट रिस्पाँडिंग’ची पाटी लावतं. पण पाटी लागली म्हणजे गेम मेला असं नाही, तो आत कामात गर्क असू शकतो. नवीन गेम पहिल्यांदा उघडताना ग्राफिक्स कार्डासाठी शेडर तयार करतात. साध्या लॅपटॉपवर या कामाला कित्येक मिनिटं लागतात. मध्येच गेम बंद केला तर ते काम अर्धवट राहतं आणि पुढच्या वेळी परत वाट पाहावी लागते.

म्हणून टास्क मॅनेजर उघडा आणि दोन मिनिटं नुसतं बघा. प्रोसेसर, मेमरी, डिस्क यांचे आकडे हलतायत का? हलत असतील तर चहा पिऊन या. सगळे आकडे शून्याजवळ थिजले असतील तर गेम कशाची तरी वाट पाहतोय. डिस्क सतत १०० टक्के असेल आणि वाचनाचा वेग मात्र अगदी किरकोळ असेल, तर सावध व्हा. त्याबद्दल पुढे सांगतो.

‘वेळ लागतोय’ याचं एक प्रसिद्ध उदाहरण आहे. जीटीए ऑनलाइन हा गेम २०१३ मध्ये आला. पीसीवर तो उघडायला काही जणांना सहा-सहा मिनिटं लागायची आणि सगळे आपल्याच मशीनला दोष द्यायचे. फेब्रुवारी २०२१ मध्ये एका प्रोग्रॅमरने टास्क मॅनेजरपासूनच सुरुवात केली. त्याला दिसलं की डिस्क, नेट आणि ग्राफिक्स कार्ड शांत आहेत, पण प्रोसेसरचा एकच कोअर मिनिटन्‌मिनिटं पूर्ण भरलेला आहे. मग त्याने कोड तपासला. सुमारे १० एमबीची, ६३,००० वस्तूंची यादी असलेली एक फाइल वाचली जात होती. यादीतला प्रत्येक तुकडा वाचताना उरलेल्या संपूर्ण मजकुराची लांबी नव्याने मोजली जात होती. वर प्रत्येक वस्तू आधी आली आहे का, हे बघायला आधीच्या सगळ्या वस्तूंशी ती ताडून पाहिली जायची. म्हणजे सुमारे १९८ कोटी तुलना! त्याने दोन्ही गोष्टी सुधारल्या आणि वेळ जवळजवळ ७० टक्क्यांनी कमी झाला. कंपनीने ही दुरुस्ती मार्च २०२१ मध्ये स्वीकारली आणि त्याला १०,००० डॉलर बक्षीस दिलं. डेटा स्ट्रक्चर्सच्या तासाला ‘याचा उपयोग काय’ असं विचारणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

गाडी कोणत्या स्टेशनवर थांबली?

समजा आपण पनवेलहून सीएसएमटी लोकल पकडली आणि ती थांबली. घरी फोन करून आपण नुसतं ‘गाडी बंद पडली’ म्हणत नाही. पनवेललाच आहे, खांदेश्वरला आहे, बेलापूरला आहे की वाशीच्या पुलावर, ते सांगतो. कारण पुढे काय करायचं ते त्यावरच ठरतं. गेमलाही असेच टप्पे असतात.

_गाडी पनवेलहून सुटलीच नाही._ डबल क्लिक केलं आणि काहीच झालं नाही, किंवा एखादा एरर आला. या टप्प्यावर विंडोज गेमची मुख्य फाइल आणि तिला लागणाऱ्या डीएलएल फाइली मेमरीत आणत असतं. ‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडली नाही’ असं आलं, तर मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल टाकायचं. ‘डी३डीएक्स९_४३’ नसेल, तर जून २०१० चं डायरेक्टएक्स रनटाइम लागतं. विंडोजमध्ये डायरेक्टएक्स १२ असलं तरी या जुन्या फाइली त्यात येत नाहीत. ‘०एक्ससी०००००७बी’ हा एरर बहुतेक वेळा ३२ बिट आणि ६४ बिट फाइलींची सरमिसळ सांगतो. कुठल्यातरी साइटवरून सुटी डीएलएल उतरवून फोल्डरमध्ये टाकणाऱ्यांना तो हमखास भेटतो. तेव्हा सुटी डीएलएल कधीच घेऊ नका.

अँटिव्हायरसने गेमची एखादी फाइल उचलून कोंडून ठेवली असेल, तरी हेच होतं. त्याचा क्वारंटाइन विभाग बघा. काही गेमना मशीनच्या सेटिंगच्या अटी असतात. उदाहरणार्थ, विंडोज ११ वर व्हॅलोरंटला टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट दोन्ही चालू लागतात. दादाच्या कपाटातून निघालेल्या सीडीची गोष्ट आणखी वेगळी. २००० च्या दशकातल्या पुष्कळ सीडींवर सेफडिस्क नावाचं कुलूप होतं. ते उघडणारा ड्रायव्हर विंडोज १० पासून, म्हणजे २०१५ पासून, दिलाच जात नाही. तिथे तुमचा लॅपटॉप निर्दोष आहे. गेमची नवी अधिकृत आवृत्ती मिळते का, ते पाहावं.

_खांदेश्वरला थांबली._ काळा पडदा आला आणि पुढे काही नाही, किंवा नुसता आवाज येतोय. इथे ग्राफिक्सचा संशय घ्या. आपल्यातल्या बऱ्याच लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स असतात, एक प्रोसेसरमधलं आणि एक वेगळं कार्ड. गेम चुकून पहिल्यावर चालू होतो. डिस्प्लेच्या सेटिंगमध्ये ग्राफिक्स या भागात जाऊन त्या गेमसाठी ‘हाय परफॉर्मन्स’ निवडा. ड्रायव्हर लॅपटॉप किंवा कार्ड बनवणाऱ्याच्या साइटवरूनच घ्या. कधीकधी गेमने न झेपणारं रिझोल्यूशन लक्षात ठेवलेलं असतं. अनरियल इंजिनवरचे गेम अशा गोष्टी ‘गेमयूजरसेटिंग्ज’ नावाच्या फाइलमध्ये लिहून ठेवतात. त्या फाइलचं नाव बदललं की गेम नवी, साधी फाइल बनवतो. डिलीट नको, नाव बदला, म्हणजे परत फिरता येतं.

_बेलापूरला थांबली._ लोगो दिसतो, पट्टी भरत जाते आणि दर वेळी त्याच जागी थांबते. ‘त्याच जागी’ हे शब्द महत्त्वाचे आहेत. याचा अर्थ एखादी ठरावीक फाइल वाचता येत नाहीये. स्टीमसारख्या दुकानातून घेतलेला गेम असेल, तर ‘फाइली तपासा’ ही सोय वापरा. फक्त खराब तुकडे पुन्हा उतरतात, पूर्ण ५० जीबी नाही. सेव्ह फाइल बिघडली असेल, तर ती तात्पुरती दुसरीकडे हलवून बघा.

याच टप्प्यावर एक कारण खास आपल्या लोकांचं आहे. काही जण हौसेने विंडोजमधलं स्वतःचं नाव देवनागरीत ठेवतात. छान दिसतं! पण विंडोजच्या जुन्या, युनिकोडपूर्व पद्धतीत प्रत्येक लिपीसाठी एक कोड पेज असायचं आणि मराठी-हिंदीसाठी ते कधी नव्हतंच. त्या पद्धतीने लिहिलेला गेम आपल्या फोल्डरचा पत्ता वाचतो, तेव्हा देवनागरी अक्षरांच्या जागी त्याला प्रश्नचिन्हं मिळतात. असा पत्ता त्याला कुठून सापडणार? गेम सेव्ह फोल्डर शोधत बसतो किंवा गुपचूप बंद होतो. उपाय सोपा आहे: रोमन अक्षरांत नाव असलेलं दुसरं अकाउंट काढून त्यात गेम चालवून पाहा. जुन्या फोल्डरचं नाव हाताने बदलू नका, नाहीतर बाकीचे प्रोग्रॅमही पत्ता विसरतात. दोष आपल्या लिपीचा नाही, तिचा विचार न करता लिहिलेल्या प्रोग्रॅमचा आहे. आपण उद्या सॉफ्टवेअर लिहू, तेव्हा टेस्टिंगला एक मराठी नाव जरूर घ्यावं.

_वाशीच्या पुलावर थांबली._ मेनू आला, पण ‘कनेक्टिंग’च्या पुढे जात नाही. एकदा मोबाइल हॉटस्पॉटवर लावून बघा. तिथे चालला तर होस्टेलच्या नेटवर्कने तो रस्ता बंद ठेवलाय. मग लॅपटॉप उघडून बसण्यात अर्थ नाही, आणि रेक्टर सरांशी वाद घालण्यातही नाही. हॉटस्पॉटवरही नाही चालला तर घड्याळ बघा. जुन्या डेस्कटॉपच्या मदरबोर्डवरची नाण्याएवढी ३ व्होल्टची बॅटरी संपली, की लाइट गेल्यावर तारीख मागे जाते. मग सर्व्हरचं सर्टिफिकेट मशीनला ‘अजून सुरूच न झालेलं’ वाटतं आणि लॉगिन होत नाही. तारीख दुरुस्त करा, बॅटरी बदला.

मेसेज वाचा, पण साक्षीदार म्हणून

गेम मुकाट्याने बंद झाला तर इव्हेंट व्ह्यूअरमध्ये ‘अॅप्लिकेशन’ लॉग उघडा. तिथे वेळ आणि चुकलेल्या मॉड्यूलचं नाव नोंदलेलं असतं. मात्र मेसेज म्हणजे निकालपत्र नाही. इंटेलच्या १३ व्या आणि १४ व्या पिढीच्या काही डेस्कटॉप प्रोसेसरवर गेम सुरू होतानाच, शेडर तयार करताना बंद पडत आणि मेसेज येई ‘व्हिडिओ मेमरी संपली’. लोकांनी ग्राफिक्स कार्डं बदलली. खरा दोष प्रोसेसरमध्ये होता. तो गरजेपेक्षा जास्त व्होल्टेज मागत होता, हे इंटेलने जुलै २०२४ मध्ये सांगितलं, ऑगस्टमध्ये मायक्रोकोडची दुरुस्ती दिली आणि वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली. मेसेज काय तुटलं ते सांगतो, का तुटलं ते शोधायचं काम आपलं.

कॅसेटवरची फुंकर

आपले दादा-ताई लहानपणी टीव्हीला जोडायचा गेम खेळायचे. तो चालू झाला नाही की कॅसेट काढायची, तिच्यावर जोरात फुंकर मारायची आणि परत लावायची. बहुतेक वेळा गेम चालू व्हायचा आणि श्रेय फुंकरेला मिळायचं. खरं काम व्हायचं ते काढून परत लावण्याने, कारण पिना नव्याने टेकायच्या. फुंकरेतल्या ओलाव्याने उलट पिना गंजायच्या. निनटेंडोनेही फुंकू नका असंच सांगितलं होतं.

आपणही असंच करतो. ड्रायव्हर बदलला, अँटिव्हायरस बंद केला, रजिस्ट्री साफ केली, आणि गेम चालू झाला. कशाने? देव जाणे! म्हणून नियम असा: एका वेळी एकच बदल. बदल केला की गेम चालवून बघा आणि वहीत लिहा. फरक नाही पडला तर बदल मागे घ्या. अँटिव्हायरस बंद करून क्रॅक गेम बसवणं हा तर उपायच नाही. त्या फाइलमध्ये गेमबरोबर आणखी काय आलं, हे नंतर बँकेचा मेसेज आल्यावर कळतं.

सर्वात महत्त्वाचं

आमच्या विंगमधल्या एका ज्युनियरचा गेम चार दिवस त्याच टक्क्यावर अडकत होता. सगळ्यांचं मत पडलं, रीइन्स्टॉल कर. एकाने टास्क मॅनेजर बघितला. डिस्क १०० टक्के, वेग नावापुरता. इव्हेंट व्ह्यूअरच्या ‘सिस्टिम’ लॉगमध्ये खराब ब्लॉकच्या नोंदींची रांग लागलेली. मग क्रिस्टलडिस्कइन्फोने स्मार्ट आकडे पाहिले, तर त्यात ‘कॉशन’. त्या रात्री गेमला कोणी हात लावला नाही. आधी ग्रुपचा मिनी प्रोजेक्ट, सर्किटच्या फाइली आणि त्याच्या वारलेल्या आजोबांच्या आवाजातलं एक रेकॉर्डिंग पेन ड्राइव्हवर आणि दुसऱ्याच्या लॅपटॉपवर उतरवलं. पुढच्या आठवड्यात ती हार्ड डिस्क बूटच झाली नाही. सबमिशन वेळेवर झालं.

गेम हा लॅपटॉपचा सगळ्यात कडक परीक्षक आहे. तो एका झटक्यात भरपूर डेटा वाचतो, मेमरी भरतो, मशीन तापवतो. वर्डमध्ये आठ पानं टाइप करताना जे दुखणं दिसत नाही, ते गेम पहिल्या मिनिटात दाखवतो. डिस्कवर संशय आला, तर रीइन्स्टॉल, चेकडिस्क किंवा फॉरमॅट काहीही करण्याआधी कॉपी काढा. मरणाऱ्या डिस्कवर जास्तीचं काम लादलं, की ती लवकर जाते.

तेव्हा क्रम पाठ करा: बघा, टप्पा ओळखा, कॉपी काढा, मग एकेक बदल करा. गेम चालू झाला तर उत्तमच. नाही झाला, तरी कुठे आणि का अडकला हे तुम्हाला सांगता येईल, आणि व्हायवाला एक्स्टर्नल नेमकं तेवढंच विचारतात.