कागद ट्रंकेत ठेवू नकोस

वाटणीचा दावा लावलास, बरं केलंस. आता मला एकच खरं सांग. वकिलांना अजून न दाखवलेले किती कागद तुझ्याजवळ आहेत?

तू का थांबलीस ते कळतं गं मला. उतारा काढायला तहसीलला गेलं की गावभर होतं, भाऊ तोंड फिरवतो, वहिनी बोलायची बंद होते. मग आपण म्हणतो, तडजोड झाली तर कशाला, कागद मागाहून काढू. पण कोर्ट त्या आशेवर थांबत नाही. ज्या कागदावर तुझा हक्क उभा आहे, तो दाव्यासोबतच यादी करून द्यावा लागतो आणि मूळ प्रत मुद्दे निघायच्या आत. कागद तुझ्या हाती नसेल, तर तो कुणाकडे आहे ते दाव्यात लिहायचं. आपल्या घरांत वडिलांच्या मागे सगळे कागद भावाच्या कपाटात जातात. म्हणून ही ओळ सोडू नकोस. भावाकडे आहेत असं लिही, आणि ते हजर करायला लावण्याचा अर्ज दे.

आपल्या भागाचं दुखणं तर आणखी वेगळं. १९५६ ला जुना बिदर जिल्हा तुटला. उदगीर, निलंगा, अहमदपूर तेव्हाच्या मुंबई राज्याकडे गेले, ते आज महाराष्ट्रात आहेत. भालकी, औराद, हुमनाबादकडची गावं म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात, गेली. एकाच आजोबांची जमीन दोन राज्यांत. निजामाच्या वेळचा कागद उर्दूत, इकडची पहाणी कन्नडात, पलीकडचा सातबारा मराठीत. नकला काढून भाषांतर करून घेईपर्यंत महिने जातात. (दोन्हीकडच्या जमिनीसाठी दोन दावे लावायची गरज नसते बरं, एका कोर्टात सगळी मिळकत घालता येते.)

म्हणून उशीर झालाच तर लपवू नकोस. उशिरा कागद दाखल करायच्या परवानगीसाठी अर्ज दे, त्यात खरं कारण लिही, नकलेचा अर्ज कधी दिला, नक्कल कधी मिळाली, आणि पावत्या जोड. तडजोडीची वाट पाहिली असशील तर तेही लिही. २०२० मध्ये सुगंधी विरुद्ध पी. राजकुमार या खटल्यात प्रतिवादींना जुने कागद उशिरा सापडले होते. सुप्रीम कोर्टानं ते घेऊ दिले आणि सांगितलं, कारण पटण्याजोगं असेल तर परवानगी देताना हात आखडू नये.

पण बाळ, ही सवलत भावालाही आहे. तुझा जबाब झाल्यावर तो पिवळी पडलेली वाटणीची चिठ्ठी घेऊन उभा राहील, वाटणी तर कधीच झाली म्हणेल. तेव्हा घाबरू नकोस. विनीता शर्मा खटल्यात २०२० सालीच सुप्रीम कोर्टानं सांगितलंय की मुलीचा हक्क जन्मानं आहे, २००५ चा हिंदू उत्तराधिकार दुरुस्ती कायदा लागू झाला त्या दिवशी वडील हयात नसले तरी. २० डिसेंबर २००४ च्या आधीची वाटणी भावाला दाखवायची असेल तर ती नोंदणीकृत हवी किंवा कोर्टाच्या हुकुमानं झालेली. तोंडी वाटणी सरकारी कागदांच्या भक्कम आधाराशिवाय, तीही अपवाद म्हणूनच, मानली जाते. साध्या चिठ्ठीनं तुझा वाटा बुडत नाही.

कुणी सांगेल, एखादा कागद राखून ठेव, उलटतपासणीत भावासमोर टाकू. तशी मुभा आहे. नागपूरहून गेलेल्या एका खटल्यात डिसेंबर २०२३ ला सुप्रीम कोर्टानं ती मान्यही केली. पण तुझा दावाच ज्यावर उभा आहे, तो कागद असा राखू नकोस. त्यानं घात होतो.

आणि भावाच्या त्या कागदावर निशाणी पडायच्या आधी वकिलांना उभं राहायला सांग. स्टॅम्प कमी असल्याची हरकत त्याच घटकेला घ्यावी लागते, नंतर ती ऐकली जात नाही. मूळ प्रत माग. तारीख, सह्या, साक्षीदार नीट वाचायला वेळ माग. तारीख लांबली तरी चालेल, पण न वाचता काहीही कबूल करू नकोस.