कंबर बांधणे
(१ पेत्र १:१३)

येथे प्रेषित मनाची कंबर बांधावयास सांगतो. मूळ ग्रीक क्रियापदाचा अर्थ लोंबते वस्त्र वर ओढून बांधणे असा असून, नव्या करारात ते एवढ्या एकाच ठिकाणी येते. आपला ‘कंबर’ शब्द फारसी ‘कमर’ यापासून आला; तेथे त्याचा अर्थ कटी आणि पट्टा असा दोन्ही होतो. बीबीच्या शिवारात कापूस वेचावयास निघालेली बाई पदर खोचते, तेच हे. एलीयाने कंबर बांधली ती धावण्यासाठी (१ राजे १८:४६). पुष्कळांस मात्र हा शब्द भांडणाचाच वाटतो! योहान १३:४ पाहा. प्रभूने कमरेस रुमाल बांधला, तो शिष्यांचे पाय धुण्यासाठी. उपदेशक बंधूंनो, रविवारी बोलावयास आपण सहज उभे राहतो. परंतु मंडळीतील आजाऱ्याचे अंथरूण धुवावयास या आठवड्यात आपल्यापैकी कोण गेला?