कुलूप लागण्याआधी

चि. माई,

माहितीपटाचा आराखडा वाचला. विषय ‘रोजच्या जगण्यातून सरणारा काळ’, आणि पहिल्याच पानावर भिंतीवरचं घड्याळ, मावळता सूर्य! दोन्ही काढून टाक. ती पुण्यातही मिळतात.

आपल्या बीडचं वर्ष कारखान्याच्या हंगामावर चालतं. पाटोदा, शिरूर कासार, धारूरकडच्या वाड्या-तांड्यांवर दसरा-दिवाळी झाली की घरांना कुलपं लागतात. मुकादमाकडून आगाऊ घेतलेली उचल फेडायला नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ होऊन ऊसतोडीला जातात. फडात रात्री-अपरात्री गाडी आली तरी मोळ्या भराव्याच लागतात. तिथं घड्याळ कोण बघतो? परतायचं ते पट्टा पडल्यावर, म्हणजे हंगाम संपल्यावर, मार्च-एप्रिलात. तोवर गावात म्हातारी माणसं आणि नातवंडं.

तेव्हा एकच घर निवड. कॅमेरा दरवेळी त्याच जागी ठेव. कुलूप लागण्याआधी, मग महिन्या-महिन्यानं, मग माणसं आल्यावर. शेजारच्या ओट्यावरच्या आजीला ‘लेकाची आठवण येते का’ असलं काही विचारू नकोस. ती ज्वारी निवडेल, नातवाला शाळेत पिटाळेल, फोनवर दोन शब्द बोलेल. तेवढं टिपलंस तरी पुष्कळ.

दादासाहेब फाळक्यांनी 1912 मध्ये, ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, कुंडीतल्या वाटाण्याची वाढ रोज थोडी थोडी टिपली होती. महिन्याहून जास्त चाललेलं ते काम पडद्यावर जेमतेम मिनिटभराचं झालं. ते बघून पैसे लावणाऱ्याला भरवसा आला. तुझ्या फोनमधलं टाइमलॅप्स बोटासरशी होतं, म्हणून मोह होईल. रोपाची वाढ पळवलेली शोभते, आजीचा दिवस पळवू नकोस. तिनं दोन मिनिटं रस्त्याकडं पाहिलं तर पडद्यावरही दोन मिनिटं राहू दे. प्रेक्षक चुळबुळेल. चुळबुळू दे की! आणि मागं सनई-बासरी लावलीस तर मी उठून जाईन.

बंद घर दाखवण्याआधी घरच्यांना विचार. गावाचं नाव पडद्यावर टाकायचं की नाही, तेही त्यांनीच ठरवायचं. आपण चित्रपट करतो खरा, पण कुणाचं घर सहा महिने ओस आहे ही बातमी चोरालाही कळते.

माणसं परतली, अंगण झाडलं, की तुला वाटेल झालं काम. थांबू नकोस. पावसाळ्यात मुकादम पुढच्या हंगामाची उचल ठरवायला येतो. तो परवानगी देईल तर तिथवर चित्रण कर, आणि शेवट तिथंच कर.

तुझा मामा,
अंबाजोगाई