वंश, वास, वित्त आणि निर्णय : पितृसत्तेचा एक तौलनिक अभ्यास

कुटुंबाची सत्ता पुरुषाच्या हाती असणे हा निसर्गाचाच नियम होय, अशी समजूत आपल्या समाजात खोलवर रुजलेली आहे. याउलट, एखादा चांगला कायदा संमत झाला की ही सत्ता आपोआप संपुष्टात येते, असे अनेक सुशिक्षितांना वाटते. या दोन्ही समजुती कितपत खऱ्या आहेत, हे निरनिराळ्या समाजांतील कुटुंबसंस्थेकडे पाहिले असता ध्यानात येते. प्रस्तुत लेखात मेघालयातील खासी समाज, केरळातील नायर समाज आणि आपला गोमंतकीय समाज या तीन उदाहरणांच्या आधारे हा विचार मांडावयाचा आहे.

चार आधार

पितृसत्ता म्हणजे केवळ पतीने पत्नीवर हुकमत गाजविणे नव्हे. ती सामाजिक संस्थांची एक रचना आहे. कोणत्याही समाजात ही रचना तपासावयाची झाल्यास चार प्रश्न विचारावे लागतात. मूल कोणाच्या कुळाचे मानले जाते? विवाहानंतर कोण कोणाच्या घरी राहावयास जाते? मालमत्ता कोणाकडे जाते? आणि त्या मालमत्तेविषयी व सार्वजनिक कारभाराविषयी अंतिम निर्णय कोण घेतो? वंश, वास, वित्त आणि निर्णय असे हे चार आधार होत. चारही प्रश्नांची उत्तरे पुरुषाच्या बाजूने येतात, तेथे पितृसत्ता पूर्णरूपाने नांदत असते. मात्र ही चारही सूत्रे सर्वत्र एकाच हाती असतात असे नाही.

खासी समाज : वंश मातेचा, दरबार पुरुषांचा

मेघालयातील खासी समाजात मूल आईच्या कुळाचे असते. वडिलोपार्जित घर व संपत्ती परंपरेने सर्वांत धाकट्या मुलीकडे जाते. तिला ‘का खद्दुह’ म्हणतात. तिचा पती बहुधा तिच्याच घरी येऊन राहतो. वृद्ध आईवडिलांचा सांभाळ, घरातील धर्मकृत्ये आणि निराधार आप्तांना आश्रय देणे ही कर्तव्ये तिच्यावरच असतात. त्यामुळे मुलगी जन्मास आली म्हणून घरात खेदाचे वातावरण पसरण्याचे तेथे कारण उरत नाही.

परंतु एवढ्यावरून या समाजास ‘मातृसत्ताक’ म्हणणे चुकीचे ठरेल. धाकटी मुलगी ही वडिलोपार्जित संपत्तीची मालकीण असण्यापेक्षा विश्वस्त अधिक असते. त्या संपत्तीविषयीच्या महत्त्वाच्या निर्णयांत मामाचा शब्द वजनदार असतो. गावच्या पारंपरिक दरबारात स्त्रियांना स्थान नसे. सियेम म्हणजे पारंपरिक प्रमुख. त्याचे पद स्त्रीच्या नात्याने बहिणीच्या मुलाकडे जाई, तथापि गादीवर पुरुषच बसे. तात्पर्य, वंश, वास आणि वित्त स्त्रीकडे, पण निर्णय बऱ्याच अंशी पुरुषाकडे, अशी ही व्यवस्था आहे. म्हणून ‘मातृवंशीय’ आणि ‘मातृसत्ताक’ या दोन शब्दांतील भेद शिक्षकांनी विद्यार्थ्यांस आवर्जून समजावून द्यावा.

नायर समाज : हिस्सा मिळाला, घर गेले

केरळातील नायरांच्या एकत्र कुटुंबास ‘तरवाड’ म्हणत. स्त्री, तिची मुले, तिचे भाऊ आणि मुलींची मुले यांचे मिळून तरवाड बने. वारसा मामाकडून भाच्यांकडे येई. या पद्धतीचे नाव ‘मरुमक्कत्तायम्’. विवाह झाला तरी स्त्री बहुधा स्वतःच्या तरवाडातच राही. पतीशी संबंध तुटला किंवा वैधव्य आले तरी ती बेघर होत नसे. तथापि तरवाडाचा कारभार ‘कारणवन’ या ज्येष्ठ पुरुषाच्या हाती असे.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ही व्यवस्था डळमळू लागली. शिकलेल्या व नोकरी करणाऱ्या तरुणांना आपली कमाई स्वतःच्या मुलांना द्यावीशी वाटू लागली. कारणवनाच्या कारभाराविषयीही कुरबुरी वाढल्या. १८९६ साली मलबार विवाह कायदा झाला. त्रावणकोर संस्थानात १९२५ च्या कायद्याने वाटणीस मार्ग मोकळा झाला. पुढे मद्रास प्रांतात १९३२ चा मरुमक्कत्तायम् कायदा आला, आणि १९७५ साली संमत झालेल्या कायद्याने केरळात एकत्र कुटुंबपद्धतीच रद्द करण्यात आली.

या सुधारणांनी स्त्रीस वैयक्तिक हिस्सा मिळाला, हे खरे. परंतु तरवाड मोडल्याबरोबर ती पतीच्या घरी राहावयास गेली आणि जन्मघरातील तिचा तहहयात आसरा संपला. वित्ताचे सूत्र हाती आले, वासाचे मात्र सुटले. एका अंगाने झालेली सुधारणा दुसऱ्या अंगाने स्त्रीस दुबळे करू शकते, हा या इतिहासाचा मोठा धडा होय.

गोवा : समान हिस्सा, असमान व्यवहार

आता आपल्या घराकडे वळू. १८६७ चा पोर्तुगीज नागरी कायदा गोव्यात १८७० पासून लागू झाला. मुक्तीनंतरही तो कायम राहिला. त्यातील वारसाविषयक तरतुदींची जागा आता गोव्याच्या २०१२ च्या कायद्याने घेतली असून तो २०१६ च्या डिसेंबरमध्ये अमलात आला. विवाहापूर्वी वेगळा करार केलेला नसल्यास पतिपत्नींची मालमत्ता सामाईक होते व दोघांचाही तीत अर्धा वाटा असतो. मुलगा आणि मुलगी यांचा वारसाहक्क समान आहे. मृत्युपत्राने मालमत्तेच्या फक्त अर्ध्या भागाची स्वेच्छेने विल्हेवाट लावता येते. उरलेला अर्धा भाग मुलाबाळांसाठी राखीव राहतो. शेजारच्या महाराष्ट्रात व कर्नाटकात हिंदू एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत मुलीला मुलाइतका जन्मसिद्ध हक्क मिळण्यास १९९४ साल उजाडावे लागले, आणि केंद्रीय कायद्यात ती दुरुस्ती २००५ साली झाली. हे पाहता गोव्यातील तरतुदींचे महत्त्व सहज कळते.

असे असूनही वंश, वास आणि निर्णय ही सूत्रे येथे पुरुषाकडेच राहिली. हिंदूंच्या रीतिरिवाजांविषयीच्या १८८० च्या हुकूमनाम्यात, पत्नीस तिसाव्या वर्षापर्यंत मुलगा न झाल्यास विशिष्ट अटींवर पतीस दुसऱ्या विवाहाची मुभा ठेवण्यात आली होती. गावकरीचा अधिकार आणि त्याबरोबर मिळणारा झोण परंपरेने पुरुषवंशातच चालत आला. म्हणजे मुलगी बापाच्या घराची वारस ठरली, परंतु बापाच्या गावची गावकार ठरली नाही.

व्यवहारातील अडचण याहून मोठी आहे. बापाच्या मृत्यूनंतर वारसांची नोंद होते तेव्हा सासरी गेलेल्या बहिणीस बोलावून हक्क सोडल्याच्या कागदावर सही घेतली जाते. ती सही पुष्कळदा प्रेमापोटी होते, आणि पुष्कळदा माहेर तुटण्याच्या धास्तीनेही होते. ‘लग्नात खर्च केला, तोच तुझा वाटा’ असे तिला सांगण्यात येते. विवाहाचा खर्च हा वारसाहक्काचा मोबदला नव्हे, ही साधी गोष्ट तिला कोणी सांगत नाही. आईवडील हयात असताना त्यांच्या भावी वारशाचा त्याग करता येत नाही, हेही अनेकांस ठाऊक नसते.

सार

यावरून असे दिसते की पुरुषसत्ता हा निसर्गनियम नव्हे. तसे असते तर वंशाची आणि घराची सूत्रे स्त्रीकडे ठेवणारे समाज टिकलेच नसते. त्याचबरोबर, एकटा कायदाही पुरेसा नाही. चार आधारांपैकी एकच बदलला तर उरलेले तीन त्यास निष्प्रभ करतात. म्हणून हक्काची नोंद ज्या क्षणी होते, त्या क्षणी स्त्रीस तिचा हक्क समजलेला असणे अगत्याचे आहे. नोंदणी करणाऱ्या अधिकाऱ्याने कागदातील मजकूर स्त्रीस तिच्या भाषेत वाचून दाखवावा आणि विचार करण्यास वेळ द्यावा. शिक्षकांनी हा विषय वरच्या वर्गांत चर्चेस घ्यावा. गावकऱ्यांनी, हिस्सा घेणारी बहीण माहेर तोडते, ही समजूत टाकून द्यावी. हिस्सा घेऊनही बहीण बहीणच राहते. भावांच्या बाबतीत आपण हे केव्हाच मान्य केलेले आहे.

अभ्यासासाठी प्रश्न

१. ‘मातृवंशीय’ व ‘मातृसत्ताक’ यांतील फरक खासी समाजाच्या उदाहरणाने स्पष्ट करा.
२. तरवाड मोडल्याने नायर स्त्रीस काय लाभले व तिने काय गमावले?
३. आपल्या गावातील कोणत्या संस्थांचे सभासदत्व केवळ पुरुषवंशाने चालते, याची माहिती मिळवा.
४. आपल्या कुटुंबात गेल्या दोन पिढ्यांत मुलींना वारसाहक्काने काय मिळाले, हे घरातील वडीलधाऱ्या स्त्रियांना विचारून लिहा.